माझं कापलेलं वाक्य

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

शनिवारवाड्यातल्या ‘गूढ किंकाळी’चा शोध घेणारा माहितीपट गेल्या आठवड्यात एका वाहिनीवर लागला होता. त्यात माझ्या तोंडी एकच वाक्य आहे : ‘हो, रात्री किंकाळी ऐकू येते.’ मी ते बोलले, हे खरंच. पण लगेच पुढे ‘ती गव्हाणी घुबडाची असते’ असंही म्हटलं होतं. ते कापलं.

माझी हयात कसब्यात गेली. आमच्या गच्चीवरून वाड्याचा तट दिसतो. बदामी आकाराचा पांढरा चेहरा घेऊन ते घुबड तिन्हीसांजेनंतर तिथे येऊन बसतं आणि उडताना असं चिरकतं, की नवख्याच्या काळजाचा ठोका चुकावा. मुक्कामाला पाहुणे आले की मी आधीच सांगून ठेवते. चित्रीकरणाला आलेल्या मुलांनाही चहा देता देता सांगितलं, बॅटरीच्या उजेडात दाखवलंही. त्यांच्याजवळ भुताचा माग काढायला म्हणून चुंबकीय क्षेत्र मोजायचं छोटं यंत्र होतं. मोबाइल जवळ नेला की त्याचे दिवे लागतात, हे त्यांनीच मला करून दाखवलं. माहितीपटात दिवे लागताना दिसतात, मोबाइल कुठेच नाही.

बत्तीस वर्षं शाळेत इतिहास शिकवला, त्यामुळे पुढचं जास्त लागलं. ही किंकाळी म्हणे वाड्यात मारल्या गेलेल्या नारायणराव पेशव्यांची. पडद्यावर त्यांचा खून काळोख्या रात्री होतो. तो झाला ३० ऑगस्ट १७७३ रोजी, भर दुपारी, गणपतीच्या दिवसांत. अठरा वर्षांचा पेशवा जीव वाचवायला चुलत्याकडे, राघोबादादांकडे धावला. चापाजी टिळेकर नावाचा सेवक त्याच्या अंगावर आडवा पडला, गारद्यांनी, म्हणजे वाड्यावरच्या भाडोत्री शिपायांनी, दोघांनाही कापलं. धन्यासाठी जीव देणाऱ्या त्या माणसाचं नावसुद्धा कुणी घेतलं नाही. आणि शोधच दाखवायचा, तर या खुनाचा शोध न्यायाधीश रामशास्त्री प्रभुण्यांनी घेतला होता. पेशवेपदावर बसलेल्या राघोबादादांना त्यांनी दोषी ठरवलं. हे माझी सातवीतली मुलं कान टवकारून ऐकायची, त्याला भुताची गरज कधी पडली नाही.

वाड्यापासून ओंकारेश्वराजवळचा पूल चालत दहा-बारा मिनिटांवर आहे. असे चमत्काराचे दावे आयुष्यभर तपासत राहिलेल्या डॉ. नरेंद्र दाभोलकरांना २० ऑगस्ट २०१३च्या सकाळी तिथे गोळ्या घातल्या. त्यांच्या अंधश्रद्धा निर्मूलन समितीने चमत्कार सिद्ध करणाऱ्याला २१ लाखांचं आव्हान दिलेलं आहे. शोधाच्या नावाने पुण्यात कॅमेरा लावणाऱ्यांना हे ठाऊक नसेल, असं मला वाटत नाही.

परवा शेजारची नात माझ्याकडे अभ्यासाला यायला घाबरली. ‘आजी, तुम्हीच टीव्हीवर सांगितलंत ना?’ म्हणाली. तिला गच्चीवर नेऊन अर्धा तास थांबले, तेव्हा कुठे घुबड आलं.

वाहिनीला दोन पत्रं पाठवली, उत्तर नाही. माझं वाक्य त्यांनी पूर्ण दाखवावं, एवढीच मागणी आहे. पुन्हा चित्रीकरण करायचं असेल तर रात्री साडेनऊनंतर यावं. गच्चीची किल्ली माझ्याकडेच असते.

– एक निवृत्त शिक्षिका, कसबा पेठ, पुणे