तुझ्या दोन चंद्रांच्या गाण्याबद्दल

प्रिय चिऊ,

तुझा ऑडिओ काल तीनदा ऐकला, आधी मोबाईलवर, मग बाबांचे हेडफोन लावून, आणि शेवटी गच्चीवर जाऊन, कारण चंद्र निघाला होता आणि चंद्राचं गाणं खोलीत बसून काय ऐकायचं. मला आवडलं गं. तुझ्या गेममधलं ते खाऱ्या तळ्याकाठचं गाव, त्या पुजारणी, वर दोन चंद्र, सगळं डोळ्यापुढे आलं. पण तू विचारलं न की आई काही कमी वाटतं का, तर वाटतं, आणि फोनवर मला नीट सांगता नाही येत म्हणून लिहून राहिली आहे.

तीन मिनिटांत गाणं चढतं, वर पोचतं, संपतं. पूजेचं गाणं असं एका बैठकीत संपत नाही गं बाळा, ते रोज करायचं काम असतं, सांजवात लावतो तसं.

आम्ही नागपूरला महाल भागातल्या वाड्यात भुलाबाई मांडायचो, भाद्रपद पौर्णिमेपासून कोजागिरीपर्यंत, म्हणजे पौर्णिमा ते पौर्णिमा पूर्ण महिना. ज्वारीच्या धांड्यांचा मखर, त्यात मातीचे भुलाबाई-भुलोजी, म्हणजे पार्वती-शंकर, आणि रोज संध्याकाळी आम्ही साऱ्या पोरी टिपऱ्या घेऊन हजर. माझी एक टिपरी टोकाला चिरलेली होती, टक् वाजायच्या जागी टर्र वाजायची, आणि रोज ऐकून ऐकून मला तीच गाण्याची लय वाटायला लागली, आजीने नवी जोडी आणली तर मी हातात घेतली नाही. पितृपक्षात चंद्र झिजत जायचा, सर्वपित्रीला अंगणात डोळ्यात बोट घातलं तरी दिसायचं नाही, तरी गाणी चालूच, मग नवरात्र लागलं की पुन्हा कोर दिसायची. कोजागिरीला दुधाच्या पातेल्यात चारोळ्यांच्या मधोमध चंद्र हलायचा आणि तीच रोजची गाणी म्हणताना गळा भरून यायचा, कारण उद्या म्हणायची नव्हती. तुझ्या गाण्यात मला हे पाहिजे, महिनाभर वाट पाहिलेली ऐकू आली पाहिजे.

आता रागाचं. तू चंद्रकंस घेतला ते बरोबरच आहे. मालकंसातला कोमल निषाद शुद्ध केला की हा चंद्रकंस, आणि तो शुद्ध नी वरच्या सा ला इतका चिकटून आहे की सारखा ओढत राहतो, चैन पडू देत नाही. पण तू पहिल्याच ओळीत त्याला सा वर नेऊन बसवलं! नको नेऊ. मोठ्या चंद्राचा महिना तू ३० दिवसांचा ठेवला आहेस न, तर पहिल्या रात्री एकच ओळ, दुसऱ्या रात्री दोन, अशा वाढव, आणि चौदा रात्री गाणं नी वरच सोडून दे, पंधराव्या रात्री पौर्णिमेलाच वरचा सा लागू दे. मग वद्य पक्षात ओळी कमी करत जा आणि नी कोमल कर, म्हणजे मालकंस झाला. एकच स्वर बदलला पण खेळणाऱ्याला कळेल की काहीतरी उतरणीला लागलं, त्याला रागाचं नाव माहीत असायची गरज नाही. अमावास्येला शब्द नको, नुसत्या टिपऱ्या.

आणि सगळ्या ओळी सोळा मात्रांच्या का केल्या? आपली तिथीसुद्धा कुठे सारखी असते, चंद्र सूर्यापासून १२ अंश पुढे सरकला की एक तिथी, पण तो कधी भरभर चालतो कधी हळू, म्हणून कधी १९ तासांतच संपते तर कधी २६ पर्यंत लांबते, म्हणून तर पंचांगात तिथीचा क्षय येतो. तुझ्या ओळी पण लहानमोठ्या होऊ दे.

धाकटा चंद्र २० दिवसांचा म्हणालीस. म्हणजे ६० दिवसांत त्याच्या तीन फेऱ्या आणि मोठ्याच्या दोन, दोघं एकाच रात्री भरले तर पुढच्या वेळी ६० दिवसांनीच पुन्हा एकत्र भरणार. दोनावर तीन म्हणजे आपली दीडपट, आडी लयच झाली की! पुजारणींचे दोन गट कर, एक ठायीत, म्हणजे मूळ लयीत म्हणेल, दुसरा दीडपटीत, आणि दोन्ही गट समेवर, म्हणजे तालाच्या पहिल्या मात्रेवर भेटतील त्या जोडपौर्णिमेच्या रात्री. हे सुचलं तेव्हा रात्रीचा एक वाजला होता, तुला फोन करायला हात गेलाच होता पण म्हटलं झोपू दे पोरीला.

एक मात्र सांगते, स्टुडिओत गाणाऱ्या मुली फार तयार गळ्याच्या घेऊ नको. गावातल्या बाया म्हणून राहिल्या आहेत असं वाटू दे, एखादी मागे पडली तर पडू दे.

ती चिरलेली टिपरी माळ्यावरच्या पत्र्याच्या पेटीत सापडली. जोडीची दुसरी नाही मिळाली, म्हणून लाटण्यावर वाजवून रेकॉर्ड केली आहे, चाळीसेक सेकंद, व्हॉट्सॲपवर पाठवते. शेवटी बाबा खोकलले आहेत तेवढं कापून घे.

तुझी,
आई