लॉग म्हणजे ओंडका

कोल्हापूर,
जुलैअखेर

चि. मनू,
अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर तू म्हणालीस, "दिवसभर नुसते सर्व्हरचे लॉग बघते." (पुण्याला जाऊन 'बघतो'चं 'बघते' झालं, हे आजीच्या कानानं टिपलंय बरं का.) वर विचारलंस, "बाबा, तुमच्या बॉयलरवर पण लॉगशीटच असतं की. तो लॉग आणि आमचा लॉग एकच काय?" फोनवर 'होय, एकच' म्हणून मी मोकळा झालो, पण ते उत्तर अर्धंच आहे. म्हणून हे पत्र.

लॉग म्हणजे ओंडका. फांद्या छाटून आडवा पाडलेला बुंधा. टिंबर मार्केटातल्या कुठल्याही वखारीत आजही हाच अर्थ चालतो: न चिरलेलं ते लॉग, चिरलेली ती साइज. भाव दोन्हीचा घनफुटावर, पण घनफूट काढायची रीत वेगळी. लॉगच्या बरोबर मध्यावर फीत फिरवून घेर घ्यायचा, इंचात. बुंध्याकडच्या टोकाला घेतला तर माप फुगतं. घेराला ४ ने भागायचं, त्याचा वर्ग करायचा, फुटातल्या लांबीनं गुणायचं आणि १४४ ने भागायचं. घेर ६० इंच आणि लांबी १० फूट असेल तर १५ चा वर्ग २२५, गुणिले १०, भागिले १४४, म्हणजे १५.६ घनफूट. आता शाळेतला वर्तुळाचा हिशेब लाव, १९.९ येतात. मधले सव्वाचार घनफूट कुणी खाल्ले नाहीत. एडवर्ड हॉपस नावाच्या इंग्रजानं १७३६ साली छापलेल्या कोष्टकांची ही रीत आहे. गोल लाकूड चौकोनी करताना कडेला आणि भुशात जे जातं, त्याची सूट तिनं आधीच धरलीय. म्हणून लॉगचा भाव ऐकला की पहिला प्रश्न हाच विचारायचा, की घनफूट हॉपसचा की खरा. दोन्हींत सव्वापटीहून जास्त फरक आहे.

आता हा ओंडका वहीत शिरला कसा? समुद्रातून.

शिडाच्या जहाजाला वेग दाखवणारा काटा नव्हता. मग मागच्या बाजूनं लाकडाचा तुकडा पाण्यात टाकायचा, त्याला दोरी बांधलेली. तुकडा पाण्यात जागच्या जागी राहतो, जहाज पुढं जातं, आणि ठरावीक वेळात किती दोरी सुटली यावरून वेग कळतो. विल्यम बोर्न यानं १५७४ मध्ये याचं वर्णन छापलं. त्या तुकड्याला लॉगच म्हणायचे. पुढं त्याचा ओंडकेपणा गेला आणि पाव वर्तुळाची फळी आली, त्रिज्या साधारण ६ इंच. गोल कडेला शिसं ठोकलेलं, म्हणजे फळी पाण्यात उभी राहते आणि फक्त टोक वर दिसतं. तिन्ही कोपऱ्यांना दोऱ्या, पतंगाला असतात तशा पुढं एकत्र आणलेल्या. त्यातली एक नुसत्या खुंटीनं अडकवलेली. ही खुंटी म्हणजे या साधनातलं खरं डोकं. मोजणं झालं की दोरीला हिसका द्यायचा, खुंटी सुटते, फळी आडवी पडते आणि अलगद ओढून घेता येते. खुंटी नसती तर उभी फळी पाण्याला अडून राहिली असती आणि ओढणाऱ्याचे हात सोलले असते.

काम तिघांचं. एकानं दोरीचं रीळ डोक्यावर धरायचं, दुसऱ्यानं फळी टाकायची, तिसऱ्याच्या हातात वाळूचं घड्याळ. सुरुवातीची काही वाव (एक वाव म्हणजे ६ फूट) दोरी मोजायची नाही, कारण जहाजाच्या मागं पाणी घुसळलेलं असतं आणि फळी त्यात ओढली जाते. तेवढी दोरी संपली की तिच्यात बांधलेली कापडाची चिंधी हाताला लागते. त्या क्षणी घड्याळ उलटायचं. वाळू संपली की दोरी पकडायची आणि हातातून किती गाठी गेल्या ते सांगायचं. गाठ म्हणजे नॉट. जहाजाचा वेग नॉटमध्ये सांगतात तो यामुळं. म्हणून 'ताशी १० नॉट' हे चूक, वादळाच्या बातमीत असलं तरी चूकच. नॉट म्हणजेच ताशी एक सागरी मैल, त्यात तास आलेला आहे.

दोन गाठींतलं अंतर वाटेल तेवढं नाही. सागरी मैल धरला ६०८० फूट, तासाचे सेकंद ३६००, घड्याळ २८ सेकंदांचं. ६०८० गुणिले २८ भागिले ३६०० म्हणजे ४७ फूट ३ इंच. करून बघ. घड्याळ आणि दोरी एकमेकांशी असे बांधलेले असतात, त्यातलं एक बिघडलं की दुसरं कितीही चोख असून उपयोग नाही. त्या आधी कित्येक वर्षं ३० सेकंदांचं घड्याळ आणि ४२ फुटांवर गाठ चालत होती, कारण मैल ५००० फुटांचा समजत होते. गाठी जवळ पडल्या, म्हणजे वेग खऱ्यापेक्षा जास्त दिसायचा.

रोजच्या चुका वेगळ्या. दोरी भिजून आखडली तर गाठी जवळ येतात आणि वेग फुगतो. ताणून लांबली तर वेग कमी दिसतो, आणि ही चूक जास्त वाईट. किनारा अजून लांब आहे असं समजून जहाज खडकाजवळ आलेलं असतं. म्हणून दोरी भिजवूनच गाठींचं अंतर पुन्हा मोजायचे. घड्याळातल्या वाळूला दमट हवा लागली की ती हळू गळते, तेवढ्या वेळात दोरी जास्त सुटते आणि वेग पुन्हा फुगतो. जहाज जोरात असेल तर १४ सेकंदांचं घड्याळ घ्यायचं आणि आकडा दुप्पट करायचा. एक चूक मात्र कुठल्याच दुरुस्तीनं जात नाही. लॉग पाण्याच्या तुलनेत वेग सांगतो, जमिनीच्या नाही. अख्खा प्रवाहच जहाजाला वाहून नेत असेल तर फळीही त्याच प्रवाहात असते, तिला काही कळत नाही. तुझ्या सर्व्हरचं पण असंच आहे. स्वतःचं घड्याळ चुकलेल्या मशीननं लिहिलेला लॉग त्याच्यापुरता अगदी बरोबर दिसतो.

हे आकडे आधी खडूनं एका काळ्या फळीवर लिहायचे. रकाने ठरलेले: तास, नॉट, वाव, दिशा, वारा, शेरा. नंतर ते वहीत उतरवायचे, म्हणून ती लॉगबुक. पुढं 'बुक' गळलं आणि नोंदीलाच लॉग म्हणायला लागले. आमच्या शीटवर डाव्या कडेला उभे तास असतात ना, ते तिथून आलेत. आणखी एक गंमत. ब्रिटिश आरमाराच्या लॉगमध्ये १८०५ पर्यंत दिवस दुपारी १२ ला सुरू व्हायचा, तोही आदल्या दुपारी. २० तारखेची दुपार लॉगमध्ये २१ तारखेला सापडते. तुझा सर्व्हर युटीसीत, म्हणजे जागतिक प्रमाणवेळेत, लिहीत असेल तर साडेपाच तास मिळवायला विसरू नको. आपल्याकडं रात्री १ ला बंद पडला तर लॉगमध्ये आदल्या तारखेला १९.३० ला बघायचं.

आता बॉयलरचं. दर तासाला वाफेचा दाब, ड्रममधली पाण्याची पातळी, फीड वॉटरचं (आत सोडायच्या पाण्याचं) तापमान, चिमणीकडं जाणाऱ्या वायूचं तापमान, ड्राफ्ट (भट्टीतल्या हवेची ओढ). लिहायला दोन मिनिटं लागतात. बिघडतं ते पाळीच्या शेवटी आठही ओळी एकदम भरल्या की. असं शीट ओळखायला डिटेक्टिव्ह लागत नाही. एकच शाई, एकाच दमातलं अक्षर, आणि दाब आठही तास ४२.० च. साखर कारखान्यातला, बगॅसवर (उसाच्या चिपाडावर) चालणारा बॉयलर असा वागत नाही. बगॅसमध्ये निम्मं पाणीच असतं, ते थोडं वर-खाली झालं की दाब हलतो, मिल थांबली की हलतो. हलणारा आकडा खरा. चुकलं तर खोडरबर नाही, गिरवणं नाही. एक आडवी रेघ, खालचा आकडा वाचता आला पाहिजे, शेजारी नवा आकडा आणि सही. मीटर बंद असेल तर 'मीटर बंद' असं लिहायचं. रिकामी जागा ठेवली की ती नंतर कुणीतरी 'अंदाजे' भरतो.

आणि लॉग आडवा वाचायचा नसतो, उभा वाचायचा. चिमणीचं तापमान एखाद्या दिवशी १६० आहे, यातून काही कळत नाही. तोच रकाना नोव्हेंबरपासून मार्चपर्यंत खाली वाचत आलं आणि १५० चं १७५ झालेलं दिसलं, की समजायचं नळ्यांवर काजळी आणि राख बसलीय, उष्णता पाण्याला न मिळता चिमणीतून चाललीय. साधारण २२ अंशांमागं एक टक्का जळण जातं. आत्ता ऑफ सीझनला ओव्हरहॉलिंगची यादी या उभ्या रकान्यांवरूनच करतात. भरून टाकलेल्या ४२.० वरून कसली यादी करणार?

लॉगिन हा याचाच धाकटा. १९६० च्या दशकात एका मोठ्या संगणकावर अनेकजण एकाच वेळी काम करायला लागले. कोण आला, किती वेळ वापरला, याची नोंद हवी. लॉग इन म्हणजे वहीत नाव चढवणं, गेटवरच्या हजेरीसारखं. ब्लॉग त्यानंतरचा. डिसेंबर १९९७ मध्ये जॉर्न बार्गर यांनी वेबलॉग हा शब्द काढला, १९९९ मध्ये पीटर मरहोल्झ यांनी गमतीनं तो मधेच तोडला, 'वी ब्लॉग'. आता मिसळीच्या कटावर मोबाइल धरून उभी असलेली पोरं व्लॉग करतात. ओंडका कुठं येऊन पोचला बघ.

बॅकलॉग मात्र जहाजाचा नाही, चुलीचा. थंड देशात घरातल्या आगटीच्या मागच्या भिंतीला लागून एक दणकट, बऱ्याचदा ओलसर ओंडका ठेवायचे. तो भडकत नाही, रात्रभर धुमसतो, उष्णता खोलीकडं फेकतो आणि सकाळी विस्तव तयार असतो. म्हणजे मुळात ती चांगली शिल्लक होती. तुंबलेल्या कामाचा अर्थ नंतर चिकटला. आपल्याकडं तो आणखी उतरला. कॉलेजात 'बॅक लागला', आणि सरकारी कागदावर 'अनुशेष'. दांडेकर समितीनं १९८४ च्या अहवालात विभागांचा अनुशेष मोजला, तेव्हापासून हा शब्द बातम्यांत मुरलाय. मला विचारशील तर अनुशेष हा शब्द बॅकलॉगपेक्षा नेमका आहे, पण पोरांना 'माझे दोन अनुशेष राहिलेत' म्हणायला सांगून बघ.

शिरोळकडचे शेतकरी वॉटरलॉगिंग म्हणतात, तोही ओंडकाच. आत पाणी भरलेलं जहाज बुडत नाही पण सुकाणूलाही दाद देत नाही, ओंडक्यासारखं पडून राहतं. तसलं रान म्हणजे आपली चिबड जमीन. काळी माती, उसाला बेसुमार पाणी, निचरा नाही. भूजल मुळांपर्यंत चढतं, मुळांना हवा मिळत नाही. वरून पाणी उडून जातं आणि क्षार तिथंच राहतात. जमिनीखाली भोकं पाडलेले पाइप घालून पाणी काढल्याशिवाय ती सुधारत नाही. नुसतं जिप्सम टाकून पैसे जातात.

आणि बारावीचं लॉग टेबल? त्याचा ओंडक्याशी काडीचा संबंध नाही. नेपिअर नावाच्या गणितज्ञानं १६१४ मध्ये दोन ग्रीक शब्द जोडून लॉगॅरिदम केला, त्याचं हे आखूड रूप. कॅटलॉग आणि डायलॉगमधला लॉगही ग्रीकच. आपल्याकडं ते खोड आणि ती खोड असतं ना, तसं. एक कुऱ्हाडीनं जातं, दुसरी मेल्याशिवाय जात नाही.

तू शनिवारी येतो म्हणालीस म्हणून शेवटचा लॉग. पंचगंगेची राजाराम बंधाऱ्यावरची पातळी आज सकाळी ८ ला ३७ फूट ४ इंच होती, १० ला ३७ फूट ८ इंच. तासाला २ इंच. हाच वेग राहिला तर संध्याकाळी ६ ला ३९ फुटांची इशारा पातळी लागेल. धोका ४३ ला. मोबाइलवर येणाऱ्या मेसेजमधला नुसता आकडा बघू नको, त्याच्यावरची वेळ बघ. सकाळचा आकडा रात्रीपर्यंत फिरत असतो. शुक्रवारी रात्री तीन-चार तासांचे आकडे एकाखाली एक लिहून काढ. चढ थांबला नसेल तर निघू नको. शिरोलीपाशी पाणी आलं की हायवे बंद होतो आणि मग गाडीत बसून राहावं लागतं.

तुझे,
बाबा