सईच्या जाहिरातीबद्दल

सातारा

चि. निखिल,
अनेक आशीर्वाद.

सईची जाहिरातीसाठी निवड झाल्याचं परवा फोनवर कळलं. तुझे बाबा लगेच शेजारी सांगून आले. मी गप्प होते, ते तुझ्या लक्षात आलंच असेल.

गेल्या सुट्टीत तिने माझ्या मांडीवर बसून डिस्नेचा ‘पीटर पॅन’ हा कार्टून सिनेमा तीनदा पाहिला. त्यातला पीटरचा आवाज बॉबी ड्रिस्कॉल नावाच्या मुलाचा. चित्रकारांनी पीटरचे हावभावही त्याच्याच चेहऱ्यावरून काढले. वडिलांच्या आजारपणामुळे हे कुटुंब आयोवाहून तुमच्या कॅलिफोर्नियात आलं. तिथे केस कापायला गेल्यावर विषय निघाला, पोराला सिनेमात का घालत नाही? झालं! सहाव्या वर्षी पहिला सिनेमा, 1950 मध्ये, नुकतं तेरावं लागलेलं असताना, ऑस्कर. तोही लहान मुलांसाठीचा, बुटका पुतळा.

1953 मध्ये ‘पीटर पॅन’ आला आणि त्याच वर्षी डिस्नेशी असलेला करार संपला. वय सोळा, तोंडभर मुरुमं. साध्या शाळेत घातलं, तर पोरं सिनेमावरून चिडवायची. पुढे अंमली पदार्थ, अटका. मार्च 1968 मध्ये न्यूयॉर्कच्या ईस्ट व्हिलेजमधल्या एका ओसाड इमारतीत दोन मुलांना त्याचं प्रेत सापडलं. एकतीस वर्षांचा होता. ओळख पटेना, म्हणून हार्ट आयलंडवर बेवारसांत पुरला.

मला राहून राहून त्याची आई आठवते. 1969 च्या अखेरीस नवरा शेवटच्या आजारात, बापलेकाची एकदा भेट व्हावी म्हणून तिने डिस्नेकडे मदत मागितली. शोधता शोधता बोटांचे ठसे जुळले. तोवर त्याला पुरून दीड वर्ष उलटून गेलं होतं.

सईच्या कमाईतले 15 टक्के बंद खात्यात ठेवावे लागतात म्हणालास. त्या कायद्याचं मूळ 1939 मधलं. जॅकी कूगन या बालनटाची कमाई आई आणि सावत्र बापाने उडवली, तेव्हा तो झाला. उरलेल्या 85 टक्क्यांनाही हात लावू नका, असं मानसीला माझं नाव घेऊन सांग. रागावली तर माझ्यावर रागावू दे.

आणि सईचा पुढचा दात हलतोय म्हणत होतास. शूटिंगआधी पडला तर ते लोक खोटा बसवायला सांगतील. बसवू नका.

तुझी,
आई