टाके काढायची तारीख चिठ्ठीवर लिहून द्या की

मा. संपादक साहेब,

कुत्र्या-मांजराचं ऑपरेशन झालं की दवाखान्यात सांगतात, दहा ते चौदा दिवसांनी टाके काढायला आणा. तेही तोंडी. टाके कोणते घातले हे तर कुणी सांगतच नाही. विरघळणारे असतील तर बहुतेक वेळा काढावे लागत नाहीत, नायलॉनचे काढावेच लागतात अन् स्टेपलच्या पिना असल्या तर त्याला वेगळंच हत्यार लागतं, आता हे घरच्या माणसाला कसं कळावं?

परभणीला अन् उदगीरला व्हेटर्नरी कॉलेज आहे, मान्य, पण वाडी-तांड्यावरच्या माणसानं चार टाक्यांसाठी कुत्रं घेऊन एवढ्या लांब जायचं कसं, गर्दीच्या एसटीत चढून दाखवा एकदा. मग लोकं मोबाईलवर व्हिडिओ बघून दाढीचं ब्लेड घेतात. आमच्या गल्लीत एकानं तर पिना पकडीनं ओढायला घेतल्या होत्या! पिना काढायचं जे हत्यार असतं, रिमूव्हर, ते पिनेला मधोमध दाबतं, मग तिचे दोन्ही पाय आपोआप बाहेर येतात, नुसती ओढली की कातडी फाटते. दोऱ्याचं पण तसंच, गाठ जरा उचलून तिच्याखाली, कातडीला लागून एकच बाजू कापायची, नाहीतर बाहेरचा घाण दोरा आतून ओढला जातो. डॉक्टरनं हो म्हटलं, जखम कोरडी अन् पूर्ण मिळालेली असली तरच याचा विचार करा. लाल झाली, सुजली, पू आला, वास मारतो असं असलं तर हात लावूच नका, हळद-राख तर अजिबात नको अन् हायड्रोजन पेरॉक्साईड पण नको, त्यानं भरत आलेली जखम उलट खराब होते. पावसाळ्यात उघड्या जखमेत अळ्या पडायला वेळ लागत नाही हे आपल्याकडं बैल-शेळ्या सांभाळणाऱ्याला नव्यानं काय सांगायचं. अन् घरचं असलं तरी दुखलं की कुत्रं चावतंच, तोंडाला जाळी बांधा.

पशुसंवर्धन खात्याला अन् खाजगी डॉक्टरांना एवढंच म्हणणं आहे की चिठ्ठीवर टाक्याचा प्रकार, काढायची तारीख अन् जखम चाटू नये म्हणून घातलेली गळ्यातली कॉलर कधीपर्यंत ठेवायची हे मराठीत लिहून द्या, रबरी शिक्का मारला तरी भागतं. अन् १९६२ नंबरला फोन केला की येणाऱ्या जनावरांच्या फिरत्या दवाखान्याची गाडी गावात येते तेव्हा तिथंच टाके काढून मिळाले तर लई बरं होईल.

— एक वाचक, सेलू, जि. परभणी