हॅम्बुर्गहून सुहासला

प्रिय सुहास,

तुझं पत्र परवा मिळालं. वीस वर्षं संरक्षणावर लिहिलंस आणि आता सरकारी प्रवक्तेपद चालून आलं, तर विचारतोस, घेऊ का? लेका, हे वहिनींना विचारायचं सोडून मला काय विचारतोस!

पण काल इथल्या श्पेअरझोर्ट रस्त्यावरून जाताना तुझी आठवण आली. तिथल्या विटांच्या प्रेसहाउसात पूर्वी 'डेर श्पीगल' या साप्ताहिकाचं कार्यालय होतं. १९६२ च्या ऑक्टोबरात तिथे कॉन्राड आलर्स या उपमुख्य संपादकाचा लेख छापून आला. 'नाटो'च्या 'फालेक्स ६२' या सरावात पश्चिम जर्मनीच्या सैन्याला चारांतली सगळ्यांत खालची श्रेणी मिळाली, असं त्यात होतं. आपल्या निकालपत्रांच्या भाषेत काठावर पास. संरक्षणमंत्री श्ट्राउस यांना ते झोंबलं. २६ तारखेच्या रात्री देशद्रोहाच्या संशयावरून पोलीस कार्यालयात शिरले आणि पुढे महिनाभर तिथून हललेच नाहीत. मालक आउगश्टाइन १०३ दिवस तुरुंगात.

आलर्स तेव्हा सुट्टीवर, स्पेनमधल्या तोर्रेमोलिनोसला. श्ट्राउसनी रात्रीच माद्रिदमधल्या आपल्या लष्करी अधिकाऱ्याला फोन लावला आणि तिथला हुकूमशहा फ्रँको याच्या पोलिसांनी नवरा-बायकोला झोपेतून उठवून नेलं. संसदेत श्ट्राउस आधी म्हणाले, माझा काही संबंध नाही. मग फोनचं बिंग फुटलं आणि मंत्रिपद गेलं. आलर्सवरचा देशद्रोहाचा खटला १९६५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दाखलच करून घेतला नाही.

इथवरचं तुला ठाऊक असेल. मला पुढचं सांगायचंय. १९६६ मध्ये पश्चिम जर्मनीत एरवी विरोधात असणाऱ्या मोठ्या पक्षांच्या महायुतीचं सरकार आलं, आलर्स त्याचे उपप्रवक्ते झाले. त्याच सरकारात अर्थमंत्री कोण? श्ट्राउस! ज्याने मध्यरात्री उठवलं, त्याच्याच सरकारची बाजू रोज पत्रकारांपुढे मांडायची. पुढे चान्सेलर ब्रांट यांचे ते मुख्य प्रवक्ते, मग खासदार. १९८० मध्ये 'डॉइचे वेले' या प्रसारण संस्थेचे प्रमुख झाले आणि त्याच डिसेंबरात गेले, जेमतेम अठ्ठावन्नाव्या वर्षी.

पूर्वी मला वाटायचं, माणूस विकला गेला. आता तसं वाटत नाही. हा गडी महायुद्धात छत्रीधारी सैनिक होता. संरक्षण मंत्रालय उभं राहायच्या आधी त्याची तयारी करणाऱ्या ब्लांक कार्यालयात पत्रकारांना तोंड द्यायचं कामही त्याने केलं होतं. सैन्य कुठे खोटं बोलतं हे आतून माहीत होतं, म्हणून तर तो लेख तसा उतरला. उंबरठा त्याने पहिल्यांदा ओलांडला तो १९६६ मध्ये नव्हेच. तू मात्र आजवर कायम बाहेरूनच पाहिलंयस, हा फरक आहे बाबा.

आणि हो, तुझ्या होणाऱ्या साहेबांवर पाच वर्षांपूर्वी तू जे झणझणीत लिहिलं होतंस, त्याचं कात्रण माझ्या कपाटात आहे. रुजू होण्याआधी एकदा वाचायचं असेल तर कळव, फोटो काढून पाठवतो.

तुझा,
अविनाश