पेन्शनचे गणित खाती बदलून सुटत नाही

मा. संपादक,

कल्याणकारी राज्याच्या खर्चाचा विषय निघाला की दोन उपाय हमखास सुचवले जातात: निवृत्तीचे वय वाढवा आणि प्रत्येकाला स्वतःचे पेन्शन खाते द्या. पहिला उपाय अर्धा बरोबर आहे. दुसऱ्याने मूळ अडचण जागची हलतही नाही.

बहुतेक देशांत या महिन्यात पगारातून कापलेले अंशदान याच महिन्यात पेन्शन म्हणून वाटले जाते. सरासरी पगाराच्या निम्मी पेन्शन द्यायची आणि एका पेन्शनरामागे ४ कमावते असतील, तर प्रत्येकाच्या पगारातले साडेबारा टक्के पुरतात. कमावते २ उरले की त्याच पेन्शनसाठी २५ टक्के लागतात. साडेबारावरच अडून बसलात तर पेन्शन पगाराच्या पाव हिश्श्यावर येते. हेही नको, तेही नको म्हटले की फरक करातून किंवा कर्जातून भरायचा. जर्मनीत मालक व कामगार मिळून पगाराच्या १८.६ टक्के देतात, तरी केंद्र सरकार पेन्शन विम्यात दरवर्षी १०० अब्ज युरोंहून जास्त घालते. (यातला काही भाग मुलांच्या संगोपनाची वर्षे धरण्यासारख्या, विम्याबाहेरच्या लाभांसाठी असतो, हे मान्य.)

निवृत्तीचे वय वाढवले की हिशोब दोन्ही बाजूंनी सुधारतो. ४० वर्षे नोकरी आणि २० वर्षे पेन्शन, याऐवजी ४२ आणि १८ केले की वरच्या उदाहरणातले २५ टक्के साडेएकवीसच्या आत येतात. पण ज्याचे गुडघे साठीतच गेले तो गवंडी आणखी दोन वर्षे कामावर टिकत नाही. तो अपंगत्व किंवा बेकारी भत्त्याच्या यादीत जातो आणि एका खिडकीवर वाचलेला पैसा शेजारच्या खिडकीतून बाहेर पडतो. शिवाय कमी उत्पन्नाची माणसे सरासरीने लवकर जातात. ज्याच्या वाट्याला निवृत्तीनंतर १० वर्षेच येणार, त्याची पाचवा हिस्सा पेन्शन जाते. २५ वर्षे जगणाऱ्याची जेमतेम बारावा हिस्सा. त्यामुळे वयाबरोबर सेवेची वर्षेही मोजायला हवीत, म्हणजे सोळाव्या वर्षी कामाला लागलेल्याला आधी सुटता येईल.

आता वैयक्तिक खाती. चिलीने १९८१ मध्ये हा मार्ग धरला. कामगारांचे अंशदान त्यांच्या खात्यांत जाऊ लागले, पण जुन्या पेन्शनरांचे देणे सरकारच्याच गळ्यात राहिले आणि ते कित्येक दशके तिजोरीतून भरावे लागले. संक्रमणातली पिढी अशी दोनदा पैसे भरते: एकदा स्वतःसाठी, एकदा आईवडिलांच्या पिढीसाठी. ज्यांचे काम मध्ये मध्ये सुटले त्यांच्या खात्यांत फारसे साठलेच नाही, म्हणून २००८ मध्ये सरकारी आधार पेन्शन आणावी लागली. पुढे २०२०-२१ मध्ये तीनदा १० टक्क्यांपर्यंत रक्कम काढायची मुभा मिळाली आणि बरीच खाती रिकामी झाली.

त्याखालची गोष्ट अशी की, शेअर आणि रोखे खाता येत नाहीत. म्हाताऱ्याला लागणारे अन्न, औषध आणि परिचारिकेचे तास त्या वर्षी काम करणाऱ्यांनीच पुरवायचे असतात. मोठी पिढी निवृत्त होऊन रोखे विकायला काढेल तेव्हा घेणारी पिढी लहान असेल, तर भाव पडतो. पैसा परदेशात गुंतवल्याने हा धक्का थोडा सौम्य होतो, इतकेच. जन्मदर वाढवण्याच्या योजनांबद्दलही तेच. दक्षिण कोरियात २०२३ मध्ये तो दर स्त्रीमागे ०.७२ होता, उद्या तो दुप्पट झाला तरी त्या बाळांचे पहिले अंशदान यायला वीसेक वर्षे जातील.

आमच्या मते उपयोगी पडतो तो आधीच कायद्यात लिहिलेला आपोआप चालणारा नियम. स्वीडनमध्ये १८.५ टक्के अंशदान ठरलेले आहे. त्यातले १६ टक्के फक्त हिशोबापुरत्या खात्यात नोंदले जातात (प्रत्यक्ष पैसा आजच्या पेन्शनरांना वाटला जातो), अडीच टक्के खरोखर गुंतवले जातात. निवृत्तीच्या वेळी जमा रकमेला त्या पिढीच्या अपेक्षित उरलेल्या आयुष्याशी निगडित आकड्याने भागतात. योजनेचे देणे मालमत्तेपेक्षा वाढले की पेन्शनवाढीला आपोआप कात्री लागते. २०१० मध्ये ती पहिल्यांदा लागली, आणि त्याच सुमारास सरकारने पेन्शनरांचा करही कमी केला!

जपानचा असाच पेन्शनवाढीला कात्री लावणारा नियम २००४ चा. पण पेन्शनचा प्रत्यक्ष आकडा कमी करायचा नाही, अशी अट त्यात होती. कात्री लागायची ती महागाईनुसार मिळणाऱ्या वाढीला, आणि महागाईच नव्हती, त्यामुळे कपात लागू व्हायलाच २०१५ उजाडले. २०१६ च्या दुरुस्तीने राहिलेली कपात पुढच्या वर्षांत न्यायची सोय केली. जर्मनीने पेन्शनवाढीच्या सूत्रात असा घटक २००४ मध्ये आणला आणि २०१८ मध्ये पेन्शन सरासरी पगाराच्या ४८ टक्के पातळीखाली न जाण्याची हमी देऊन तो गरजेच्या वेळीच बंद पडेल अशी व्यवस्था केली. असा कायदा करताना राहिलेली कपात पुढे नेण्याचे कलम पहिल्या मसुद्यातच हवे. आणि सर्वांत लहान पेन्शनला कात्रीतून वगळायचे असेल, तर तो खर्च करातून वेगळा दाखवावा, अंशदानात लपवू नये.

आपले,
पेन्शनच्या हिशोबाचे काम करणारे काही वाचक