बेतीची फेरी

लेस्टर, रविवार रात्र

प्रिय आई,

शिरसाष्टांग नमस्कार. काल फोनवर तू रडायला लागलीस आणि मावशीनं फोन काढून घेतला. म्हणून सगळं लिहून पाठवतेय. बाबांना वाचून दाखवायला सांग. मधे मधे ते स्वतःचं घालतील, तेवढं सोडून दे.

आधी ग्रहणाचं. मावशी म्हणते, तू पोटात असताना आजीनं ग्रहणात विळीवर भाजी चिरली, म्हणून तुझ्या काळजाला एक शीर जास्त आली. आजी जाऊन वीस वर्षं झाली, आता तिला कशाला आरोपीच्या पिंजऱ्यात उभी करता? ही शीर कुणी दिलेली नाही. ती सगळ्यांनाच असते, फक्त आमची बंद झाली आणि तुझी राहिली.

गर्भात सुरुवातीला डोक्याकडून आणि हातांकडून रक्त आणणाऱ्या दोन मोठ्या शिरा असतात, एक उजवीकडे, एक डावीकडे. साधारण दुसऱ्या महिन्यात दोघींच्या मधे एक आडवी शीर तयार होते. मग डावीकडचं रक्त त्या आडव्या वाटेनं उजवीकडे जातं, आणि डावी मोठी शीर कामाविना सुकते. हृदयाच्या मागे तिची नुसती सुरकुती उरते. जॉन मार्शल नावाच्या इंग्रज सर्जननं १८५० साली हे नीट मांडलं, म्हणून त्या सुरकुतीला त्याचंच नाव आहे.

पणजीला मांडवीवर पूल झाला तरी बेतीची फेरीबोट बंद पडली नाही, तसं तुझं झालं. १९८६ साली पूल कोसळला तेव्हा त्याच फेरीबोटींनी लोकांना तारलं, हे तूच सांगायचीस. तुझी फेरी एकसष्ट वर्षं मुकाट चालू आहे. तुला त्याचा कधी त्रास झाला? दम लागला? हजारात तीन ते पाच माणसांना अशी शीर असते, आणि बहुतेकांना ती मरेपर्यंत कळतही नाही. तू बाजारात चक्कर येऊन पडलीस ती ठोके मंदावल्यामुळे. त्यासाठी पेसमेकर बसवायला गेलो, आणि ही सापडली.

आता त्या दिवसाचं. तुला जागेवरचीच भूल दिली होती, त्यामुळे तू सगळं ऐकलंस. डॉक्टरांचं ‘आरे, ही वायर खंय वता?’ (कुठं चाललीय?) आणि मग सगळे गप्प. मीही घाबरले असते. डाव्या खांद्याखालून घातलेली वायर आडवी उजवीकडे वळायला हवी होती. ती छातीच्या डाव्या कडेनं सरळ खाली निघाली. तिथून ती कोरोनरी सायनसमध्ये शिरते, म्हणजे हृदयाच्या स्वतःच्या मांसातलं रक्त परत आणणाऱ्या शिरेत, आणि तिथून उजव्या कप्प्यात. त्या वाटेनं आत जाऊन पुन्हा उलटं वळून खालच्या कप्प्यात पोचणं कठीण असतं. म्हणून डॉक्टरांनी डाय, म्हणजे एक्स-रेत दिसणारं औषध, सोडून उजवी शीर आहे ना ते पाहिलं आणि पेसमेकर उजवीकडे बसवला. दोनदा कापलं म्हणून तू चिडलीस, पण ते चुकले नाहीत, शहाणपणानं थांबले.

माझी तक्रार दुसरी आहे. बाबांनी फाईलचे फोटो पाठवले, त्यात आधीच्या इकोच्या, म्हणजे हृदयाच्या सोनोग्राफीच्या, कागदावर कोरोनरी सायनस मोठा झालाय असं लिहिलेलं आहे. जास्तीचं रक्त तिथून जातं म्हणून तो फुगतो, आणि इथं आमच्या इकोच्या खोलीत तो दिसला की पहिली शंका याच शिरेची येते. ती ओळ कुणी वाचली नाही. आणि घरी पाठवताना तुला चार इंग्रजी शब्द लिहून दिले, मराठीत एक वाक्य सांगितलं नाही.

महिन्याच्या तपासणीला जाल तेव्हा बुडबुड्यांचा इको करता येईल का, विचारा. मी इथं रोज त्याची तयारी करते. दोन सिरिंजमध्ये सलाईन इकडून तिकडे घुसळलं की बारीक बुडबुडे होतात, ते डाव्या हाताच्या शिरेत सोडायचे. तुझ्यात ते आधी सायनसमध्ये आणि मग उजव्या कप्प्यात दिसतील. डाव्या कप्प्यात दिसायला नकोत. दहातल्या एकाला ही शीर डावीकडे उघडते, तेव्हा मात्र हाताच्या सलाईनमधली हवा किंवा गुठळी सरळ मेंदूकडे जाऊ शकते. तुझी उजवीकडे उघडते असं डायमध्ये दिसलंय, तरी मला खात्री हवी आहे.

माझी काळजी करू नको. परवा जेवणाच्या सुट्टीत मैत्रिणीनं माझा इको काढला. माझा सायनस बारीक आहे. तुझ्याकडून मला फक्त गुडघे आले.

बाबांसाठी: बाबा, फाईलच्या पहिल्या पानावर या शिरेचं डॉक्टरी नाव लाल शाईनं लिहून ठेवा, ‘डावी सुपीरियर व्हेना कावा आहे, कोरोनरी सायनसमध्ये उघडते’. पेसमेकरच्या कार्डामागेही. मानेतून नळी घालायची, डायलिसिस, हृदयाचं ऑपरेशन, काहीही निघालं तर आधी हा कागद पुढे करा.

आणि आई, टाके निघेपर्यंत म्हापशालाच राहा, बांद्याला पळू नको. उजवा हात खांद्याच्या वर नेऊ नको, आणि नारळ मावशीलाच खवू दे.

तुझी
माई